अक्रोडाच्या चार बरण्या

माझ्या थोरल्या जाऊबाईंबद्दल कुणी वाईट बोललेलं मी आजवर ऐकलेलं नाही. कान टवकारून बसले होते, तरी नाही. एकोणीस वर्षं आम्ही एका घरात राहतोय. या बाईने कधी आवाज चढवला नाही, दार आपटलं नाही, कुणाची पाठीमागे टिंगल केली नाही. अशा माणसाचा मत्सर करायचा म्हणजे फार कष्टाचं काम, कारण धरायला काही सापडतच नाही. पण कष्टाला मी कधी मागे हटलेले नाही.

आमच्या घराची पुढची खोली म्हणजे दवाखाना. थोरले दीर दातांचे डॉक्टर आहेत. सगळं गाव त्यांना डॉक्टर म्हणतं, मी तेवढी भाऊजी म्हणते. मधली खोली माझी. तिथे प्लास्टरची पिंपं, मेणाच्या वड्या, भिंतभर फळ्यांवर मांडलेले लोकांच्या तोंडांचे पांढरे साचे, आणि खिडकीखाली घासायची छोटी मोटर. डॉक्टर तोंडाचं माप घेतात आणि त्यावरून कवळी बनवते ती मी. दात रचते मी, हिरडीचा गुलाबी रंग जुळवते मी, कडा घासून गुळगुळीत करते मी. त्यामागे स्वयंपाकघर, आणि तिथे जाऊबाई. माझा नवरा या सगळ्यात कुठेच नाही. तो लिफ्ट दुरुस्त करतो. दिवसभर लोकांना वरखाली करतो आणि संध्याकाळी मफिन खायला घरी येतो.

आता मफिनचं सांगते. नवी कवळी बसवली की बाकीचे डॉक्टर पेशंटला बजावतात, महिनाभर मऊ खा, कठीण दाण्यांच्या वाटेला जाऊ नका. आमचे भाऊजी उलट्या खोपडीचे. त्यांचं म्हणणं, "माणूस घरी जाऊन चोरून खाणारच. त्यापेक्षा इथे, माझ्या डोळ्यांसमोर खाऊ दे." म्हणून आमच्याकडे एक रीत पडली आहे. मंगळवारी आणि शुक्रवारी कवळ्या बसवायच्या. कवळी बसली की पेशंटने परस्पर घरी जायचं नाही. आत स्वयंपाकघरात यायचं, टेबलाशी बसायचं, आणि चहाबरोबर जाऊबाईंच्या हातचं एक मफिन खायचं. त्यात अक्रोड, बदाम, तीळ, जवस, भोपळ्याच्या बिया, सूर्यफुलाच्या बिया, सगळं ठासून भरलेलं. तीळ कवळीखाली शिरून टोचला, तर तिथे कड उचलली जातेय. अक्रोड एकाच बाजूला चावला जात असेल, तर दात एका पातळीत नाहीत. पेशंटने बोटाने जागा दाखवायची, भाऊजींनी पेन्सिलीने खूण करायची, मी घासून द्यायचं. मग खुशाल घरी जा.

मी लग्न होऊन यायच्या आधी पेशंटला सफरचंदाची फोड द्यायचे. सफरचंदाने काही कळत नाही, हे जाऊबाईंच्या लक्षात आलं. त्यांच्या वडिलांचं पाळीव पक्ष्यांच्या खाद्याचं दुकान होतं. लहानपणापासून त्या बियांच्या पोत्यांवर बसून अभ्यास केलेल्या. जवस मुठीत घेऊन नुसता हुंगला तरी तो ताजा की खवट, ते सांगतात. अंगाने बारीक, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला, आणि पायातल्या सपातांचा आवाज म्हणून होत नाही. ओव्हनसमोर स्टूल टाकून बसतात आणि काचेतून मफिन फुगताना बघतात, शेजारच्यांच्या घरातली भांडणं बघावीत तशा तल्लीन होऊन. "पोपटांचं खाणं माणसांना घालतात," असं मी माझ्या नवऱ्याला एकदा म्हटलं होतं. तो पोपट तोंड भरलेलं असल्यामुळे काही बोलला नाही.

आणि कौतुक! अहो, तोंडाचं पार बोळकं झालेला माणूस आत येतो, वर्षानुवर्षं ज्याने अक्रोडाकडे नुसतं बघून सुस्कारा टाकला तो माणूस, आणि माझ्या दातांनी कुडुम कुडुम चावतो. डोळ्यांत पाणी येतं त्याच्या. आणि मग तो म्हणतो काय? "ताई, काय चव आहे हो तुमच्या हाताला!" मी शेजारच्याच खोलीत दाराआड उभी असते, नखांत प्लास्टर, केसांत गुलाबी भुकटी. मला कुणी हाक मारत नाही. एका निवृत्त गाण्याच्या बाईंनी तर घरी गेल्यावर फुलं पाठवली. कार्डावर लिहिलं होतं, "मफिनताईंस." माझ्या अंगाचा तिळपापड झाला, आणि त्यातले तीळसुद्धा त्यांचेच.

कवळीचं दुर्दैवच असं आहे. ती उत्तम झाली म्हणजे माणूस ती तोंडात आहे हे विसरतो. वाईट झाली तर मात्र दिवसभर माझी आठवण काढतो. मफिनचं तसं नाही.

मला एकाच गोष्टीचा आधार होता. घरी आम्ही जी मफिन खायचो त्यांत अक्रोडाचे हे एवढाले तुकडे असायचे, माझ्या धडधाकट दातांनासुद्धा कामाला लावतील असे. मी मनात म्हणायची, बघा, हे असलं दगडधोंड्यांचं मफिन लोक पहिल्याच दिवशी माझ्या कवळीने खातात. कुणी म्हणो न म्हणो. पेशंटचं मफिन तेवढं तपकिरी कागदात यायचं, आमची पांढऱ्या. ते मला नटवेपणाचं वाटायचं. दवाखान्यात आलेल्यांसमोर मिरवायला वेगळा कागद, दुसरं काय.

आणखी एक गोष्ट मला खुपायची. अधूनमधून सकाळी कामाला बसले की फळीवरचा एखादा साचा जरासा वळलेला दिसायचा. कधी त्याच्या खाचेत एखादा तीळ. एकदा तर एका साच्यावर पिठाचा अंगठा उमटलेला. प्लास्टर कुठलं आणि पीठ कुठलं, हे मला दुसऱ्या कुणी शिकवायला नको. मी स्वयंपाकघरात जाऊन ताडताड बोलले, की माझ्या खोलीत खाऊन हात न पुसता कोण येतं? जाऊबाई कणीक चाळत होत्या. "बघते हं," एवढंच म्हणाल्या. मी नवऱ्यावर खापर फोडलं आणि विसरून गेले.

गेल्या वर्षी जाऊबाईंचे वरचे दात हलायला लागले. हिरड्यांचा जुना आजार, त्यांच्या आईलाही होता. भाऊजींनी दोन-तीन खेपांत वरचे सगळे काढले. हिरड्या भरून येईपर्यंत तीन महिने जाऊबाई तोंडावर हात धरून वावरत होत्या, पेशंटला चहा देऊन लगेच ओव्हनकडे वळायच्या. सांगायला लाज वाटते, पण त्या तीन महिन्यांत मी घरात जरा जास्तच मोठ्याने हसत होते.

भाऊजी म्हणाले, "बाहेरच्या मोठ्या लॅबमध्ये देऊ करायला. घरच्या माणसाचं काम घरच्याने करू नये."

जाऊबाई म्हणाल्या, "माझे दात धाकटीच करेल." धाकटी म्हणजे मी.

त्यांचा साचा माझ्यासमोर आला तेव्हा मी तो तीनदा उलटापालटा करून बघितला. वरची हिरडी अरुंद, टाळू उथळ. अवघड काम. तीन आठवडे मी दुसऱ्या कशाकडे बघितलं नाही. त्यांच्या लग्नातला फोटो मागून घेतला आणि भिंग लावून दात बघितले. पुढचा एक दात किंचित आडवा होता, तो तसाच आडवा बसवला. मला एकच हवं होतं. त्या टेबलाशी पेशंटच्या खुर्चीत बसून, माझ्या दातांनी खाऊन, या बाईने मला "छान झालेत" म्हणावं. मफिनचं नाव न घेता. एकोणीस वर्षं दाराआड उभी राहून मला तेवढं एक वाक्य ऐकायचं होतं.

सोमवारी दवाखाना बंद असतो. त्या दिवशी बसवायचं ठरलं. रविवारी जाऊबाई ओट्याकडे निघालेल्या बघून मी आडवी आले.

"तुम्ही कुठे?"

"उद्याचं मफिन नको का करायला?"

"परीक्षेला बसणाऱ्याने स्वतःचा पेपर स्वतः काढायचा की काय? मी करते."

"तू?" त्यांनी तोंडावरचा हात काढला, मग पुन्हा ठेवला. "बरं. कर. अक्रोड खालच्या कपाटात आहेत. बघून घे हं."

बघून काय घ्यायचं? जी बाई मिलिमीटरच्या दहाव्या भागात काम करते, तिला मफिन जमू नयेत? मी कागदावर मापं लिहिली. कपाट उघडलं तर अक्रोडाच्या चार बरण्या. एकीत अख्खे अक्रोड, दुसरीत मोठे तुकडे, तिसरीत बारीक कण, चौथीत चक्क पूड. तीन झाकणांवर चिकटपट्ट्या, पट्ट्यांवर पेन्सिलीने काहीतरी आकडे खरडलेले. हिशेबी बाई, मी म्हटलं, आणि पहिली बरणी घेतली. माझ्या दातांना पूड चारायची नव्हती.

मग पीठ कालवलं. आणि इथे माझ्या धंद्याने माझा घात केला. प्लास्टर कालवताना आम्ही एकच गोष्ट जपतो, आत हवेचा बुडबुडा राहता कामा नये. एक बुडबुडा राहिला तर साच्यावर पुटकुळी येते आणि कवळी वाया जाते. भांड्यातल्या पिठात मला बुडबुडेच बुडबुडे दिसले. मी घोटत सुटले. हात भरून आला तरी घोटलं, पीठ तुकतुकीत होऊन चिकट तार धरायला लागेपर्यंत. मग ट्रेमध्ये ओतलं आणि ट्रे माझ्या खोलीत नेऊन प्लास्टरच्या थरथरणाऱ्या यंत्रावर ठेवला, उरलीसुरली हवा निघून जावी म्हणून. बुडबुडे वर येऊन फुटताना बघून मला इतका आनंद झाला! जाऊबाईंना हे कधी सुचलं असतं?

मफिन ओव्हनमधून बाहेर आली ती बसक्या टोप्यांसारखी. वर तकाकी, आत एकसंध. माझ्या नवऱ्याने एक उचललं, टेबलावर आपटून बघितलं.

"अहो, खायचं आहे ते!"

"हो का? मला वाटलं लिफ्टच्या दाराखाली लावायला केलंस."

"चव बघा आधी."

त्याने चव बघितली. बराच वेळ बघत होता. "साखर बरोबर आहे," म्हणाला.

सोमवारी सकाळी भाऊजींनी कवळी बसवली. जाऊबाई पंचवीस वर्षांनी लहान दिसत होत्या. तो आडवा दात ओठाआडून डोकावला तसं भाऊजींनी चष्मा काढून पुसला. मग त्या टेबलाशी पेशंटच्या खुर्चीत बसल्या. त्या खुर्चीत बसलेलं मी त्यांना कधीच पाहिलं नव्हतं. मी बशी ठेवली आणि समोर उभी राहिले, त्यांच्या तोंडाकडे टक लावून.

त्यांनी पहिला घास घेतला. थांबल्या. मग सावकाश चावायला लागल्या. एका मफिनला त्यांना वीस मिनिटं लागली. चहा निवून गेला. शेवटचा तुकडासुद्धा त्यांनी बशीत ठेवला नाही.

"कुठे टोचतंय?" भाऊजींनी पेन्सिल पुढे केली.

"कुठेच नाही."

"बघ हं. वरची कवळी आहे. डावीकडे? मागे?"

"म्हटलं ना, कुठेच नाही." त्यांनी माझ्याकडे बघितलं. "दात फार छान झालेत गं, धाकटे."

हेच. अगदी हेच वाक्य. त्यानंतर त्या "आणि मफिनसुद्धा" म्हणाल्या, पण ते मी सोडून दिलं. मी माझ्या खोलीत गेले, दार लावून घेतलं आणि स्टुलावर बसून एकटीच हसले. दिवसभर कुणी काही विचारलं तरी मी गोडच बोलत होते. नवऱ्याने माझ्या कपाळाला हात लावून ताप बघितला.

मंगळवारी जाऊबाई खाली आल्या नाहीत. डोकं दुखतंय, असा निरोप आला. त्या दिवशी एकच पेशंट होते. बसमध्ये चाळीस वर्षं कंडक्टर म्हणून काढलेले गृहस्थ, आवाज अजून गाडीभर पोचेल असा. खालची कवळी. भाऊजींनी बसवून आत पाठवलं. मी रविवारचं माझं मफिन त्यांच्यापुढे ठेवलं आणि यजमानीणबाईंसारखी हसून उभी राहिले. म्हटलं, आज यांच्या तोंडूनही ऐकू.

कंडक्टरांनी घास घेतला आणि "आई गं!" म्हणून एवढ्या जोरात ओरडले की भाऊजी हातातलं सोडून धावत आले. कवळी हातात, डोळ्यांत पाणी. कौतुकाचं नव्हे.

"माझ्या मेहुण्याने सांगितलं होतं, इथे पहिल्याच दिवशी अक्रोड खाता येतो म्हणून!" ते बोळक्याने ओरडत होते. "त्याने खाल्ला! बायकोने त्याच्या खाल्ला! माझ्याच तोंडाने काय पाप केलंय?"

भाऊजींनी तीन ठिकाणी खुणा केल्या. मी घासून आणलं. पुन्हा घास, पुन्हा किंकाळी. आणखी घासलं. तिसऱ्यांदा कंडक्टरांनी मफिनकडे नुसतं बघून मान हलवली. कवळी ठेवून जा, शुक्रवारी या, असं सांगून भाऊजींनी त्यांची बोळवण केली. मग माझ्याकडे वळून शांतपणे विचारलं, "तुझ्या हाताला झालंय काय?"

एकोणीस वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं. मी टेबल पुसायला घेतलं. जे पुसलं ते पुन्हा पुसलं. कंडक्टरांची हिरडी झिजून सपाट झालेली, ती कवळी अवघडच होती, हे खरं. पण अशा सपाट हिरड्या मी आधी काय थोड्या केल्या? त्या मेहुण्याची याहून वाईट होती. त्याने कसा खाल्ला मग? मी उरलेली मफिन डब्यात टाकायला कपाट उघडलं आणि त्या चार बरण्या पुन्हा समोर आल्या.

या वेळी आकडे वाचले. ते कसला हिशेब नव्हते. ते माझे आकडे होते. प्रत्येक साच्याच्या तळाशी मी कामाचा नंबर कोरते, तेच नंबर. पुडीच्या बरणीवर, चिकटपट्टीच्या शेवटी, ८१२. मी माझ्या खोलीत जाऊन कंडक्टरांचा साचा उलटा केला. ८१२. मेहुण्याचा ७९०, तोही पुडीवर. गाण्याच्या बाईंचा नंबर बारीक कणांच्या बरणीवर. एका पट्टीखाली दुसरी पट्टी, तिच्याखाली तिसरी, कितीतरी वर्षांचे थर. आणि पहिल्या बरणीवर, अख्ख्या अक्रोडांच्या, पट्टीच नव्हती. ती आमची होती, घरच्यांची. पांढऱ्या कागदातली.

साच्यावरचा पिठाचा अंगठा मला तेव्हा आठवला.

मी जिना चढून वर गेले. जाऊबाई खिडकीशी बसल्या होत्या. शेजारी पेल्यात पाणी आणि पाण्यात माझी तीन आठवड्यांची मेहनत. मला बघून त्यांचा हात तोंडाकडे गेला. मी तो धरला.

"आ करा."

"अगं, काही नाही."

"आ करा म्हणते ना!"

डावीकडे मागे एक व्रण, पुढे ओठाखाली दुसरा, लालभडक. त्या मफिनचा एकेक घास त्यांनी यावरून चावला होता.

"ओरडला का नाहीत? तो कंडक्टर बघा, सगळी गल्ली जमा झाली असती."

"तू समोर उभी होतीस," त्या म्हणाल्या. वरचे दात नसल्याने शब्द फुसफुसत होते. "इतकी आशेने बघत होतीस की मला बोलवेना."

"आणि बरण्या? तेवढं सांगा. कधीपासून चाललंय?"

त्यांनी पेला जरा बाजूला सरकवला. "तुझी पहिली कवळी आठवते? तो पोस्टमन. अक्रोड चावला आणि कवळी टेबलावर ठेवून म्हणाला, यापेक्षा मी बिनदाताचा बरा. तू दोन दिवस जेवली नाहीस. हे काम सोडते म्हणालीस. मग पुढच्या वेळी मी अक्रोड जरा बारीक केले. संध्याकाळी साचा बघायचा, हिरडी उंच की सपाट ते बोटाने चाचपायचं, आणि त्याप्रमाणे कापायचं. हळूहळू सवय झाली. तुझा हात बसला तरी माझी सवय गेली नाही."

माझं मन भरून येईल असं कुणाला वाटेल. मला संताप आला. एकोणीस वर्षं मी ज्या एका गोष्टीवर डोकं ठेवून झोपत होते ती यांनी अलगद काढून घेतली होती, आणि तीही माझ्या भल्यासाठी.

"म्हणजे लोक म्हणत होते तेच खरं. सगळं तुमच्या मफिनचंच. माझं काहीच नव्हतं!"

"वेडी आहेस. पुडीचं मफिन वाईट कवळीने खाता येतं का? कधी कधी तर तीळसुद्धा टोचतो." मग खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "आणि खरं सांगू? नुसतं तुझ्यासाठी नव्हतं ते. तू यायच्या आधी मी यांना म्हटलं होतं, मला शिकवा कवळ्या करायला. यांनी एक साचा हातात दिला. घाबरून माझ्या हातून पडला. म्हणाले, तुझा हात जड आहे. संपलं. मग तू आलीस. पहिल्याच आठवड्यात तुला त्या खोलीत बसवलं. मी रोज चहा घेऊन यायचे आणि तुझे हात बघायचे. जीव जळायचा गं माझा. म्हणून तू उठून गेलीस की जायचे, साच्यांवरून बोट फिरवायचे. तेवढंच."

मी खुर्ची ओढून बसले. या घरात मत्सर करणारी मी एकटी, अशा समजुतीत मी एवढी वर्षं काढली होती. त्यातही त्या माझ्या आधीपासून होत्या.

"उठा," मी म्हटलं. "खाली चला."

माझ्या खोलीत मी त्यांना स्टुलावर बसवलं. माझ्या स्टुलावर. पेल्यातली कवळी पुसून त्यांच्या हातात दिली, मोटर सुरू केली, घासायचं टोक बसवलं. "दुखतंय तुम्हाला. जागा तुम्हालाच माहीत. घासा."

"माझा हात..."

"घासा हो."

त्यांनी चष्मा लावला. आधी अंगठ्याने कड चाचपली, डोळे मिटून, जवस हुंगताना मिटतात तसे. मग टोक लावलं. गुलाबी भुकटी इतकी बारीक पडत होती की हातावर आल्याचं कळत नव्हतं. थांबल्या, चाचपलं, पुन्हा एकदा, पुन्हा एकदा. कवळी तोंडात घातली आणि माझ्याकडे बघून हसल्या, तोंडावर हात न ठेवता. मग मी ८१२ त्यांच्यासमोर सरकवली. तिन्ही खुणांवर मी घासलं होतं. त्यांनी साच्यावर बोट फिरवलं आणि खुणा सोडून भलत्याच एका जागी टोक लावलं. मी म्हणणार होते, तिथे नाही हो. मग वाकून बघितलं. बरोबर तिथेच होतं. सपाट हिरडीवर कवळी तिथेच डुलते, आणि ते मला दिसलं नव्हतं.

गुरुवारी मफिनवरून आमची जुंपली. मी म्हणत होते पहिली बरणी, जी काय परीक्षा व्हायची ती खरी होऊ द्या. त्या म्हणत होत्या चौथी, त्या बिचाऱ्याचं तोंड आधीच सोललंय. शेवटी दुसऱ्या बरणीवर तडजोड झाली. पीठ त्यांनी आठ-दहा वेळा चमचा फिरवून सोडून दिलं. भांड्यात गुठळ्या दिसत होत्या, बुडबुडे दिसत होते. मी डोळे दुसरीकडे वळवले.

शुक्रवारी कंडक्टर आले ते दाराशीच अडून बसले. भाऊजींनी समजूत घालून कवळी बसवली, टेबलाशी आणलं. त्यांनी मफिनचा कोपरा मोडला, जपून चावला. मग मोठा घास घेतला. अक्रोडाचा कुडुम असा आवाज झाला. आम्ही तिघं त्यांच्या जबड्याकडे बघत उभे. त्यांनी अख्खं मफिन संपवलं, चहा प्यायले, मग जबड्यावर बोट ठेवून डावीउजवीकडे हलवून बघितलं. जाऊबाई नेहमीसारख्या रिकामी बशी उचलायला पुढे झाल्या, कौतुक ऐकायच्या तयारीने.

पण कंडक्टरांनी मफिनचा विषयच काढला नाही. त्यांनी कवळी काढून हातात घेतली, उजेडात धरली.

"मंगळवारची हीच का? आज तोंडात आहे की नाही, कळतसुद्धा नाही. कुणाचा हात लागलाय हिला?"

भाऊजींनी माझ्याकडे बघितलं. कंडक्टरांनीही बघितलं. हा प्रश्न मी एकोणीस वर्षं दाराआड उभी राहून ऐकायची वाट बघत होते, आणि मी "माझा" म्हटलं असतं तर जाऊबाई हूं का चूं करणाऱ्या नव्हत्या. त्यांची पाठ आमच्याकडे होती. नळाखाली धरलेली बशी त्या धूतच नव्हत्या.

"यांचा," मी म्हणाले. "भाऊजी, ही कवळी ताईंनी घासलीय. हात माझ्याहून हलका आहे त्यांचा."

आणि ते शब्द परत घ्यायला जीभ वळवळायच्या आत मी एक अख्खं मफिन तोंडात कोंबलं.